ओली गुरं

माझे वडील ओर्व्हल रास्क खेचरावर बसून गुरं वळायचे आणि कमरेला पिस्तूल लावत नसत. मोंटानात हसं व्हायला एवढं पुरतं. अख्खं खोरं त्यांना हसायचं. आमची वासरं नाहीशी व्हायला लागली आणि बाबांनी शेजारच्या हॉलिस क्रेनचं नाव घेतलं, तेव्हा तो चारचौघांत म्हणाला, "खेचरावरून वासरं दिसतात का रे तुला?" बाबा खोटारडे ठरले आणि तसेच वारले. त्या दिवसापासून मी क्रेनच्या मुळावर उठले.

मग टेस नावाची दिग्दर्शिका मूठभर माणसं आणि एक कॅमेरा घेऊन आली. तिला बाबांवर चित्रपट काढायचा होता आणि त्यासाठी कळप हवा होता. आमच्याकडे कुठला उरायला!

"क्रेनला विचार," मी म्हटलं. "पडद्यावर नाव येणार म्हटलं की तो गुरंच काय, सासूही देईल."

त्याने गुरं दिली. पोचवायला गडी आले. स्वतः फिरकलाही नाही.

"सगळी नदीतून काढ," मी टेसला सांगितलं. "आणि अगदी जवळून घे. फार सुंदर दिसतं."

इथे गुरांच्या मांडीवर तापल्या लोखंडाने मालकाचा डाग देतात. आमचा डाग अर्धं वर्तुळ, क्रेनचा पूर्ण. कोरड्या केसांत काही कळत नाही. केस भिजून चिकटले की मात्र कळतं. वासरपणी दिलेला डाग जनावराबरोबर पसरतो, मागाहून दिलेला तेवढाच राहतो.

चित्रपट तयार झाल्यावर एका रविवारी दुपारी गावच्या सभागृहात खेळ लागला. क्रेन नवी टोपी घालून पहिल्या रांगेत. नदी आली. भिंतभर मोठी ओली गाय काठ चढली. तिच्या मांडीवर अर्धं वर्तुळ रुंद, फिकट. उरलेलं अर्धं अरुंद, मागाहून जोडलेलं. आमच्याकडे पोरं अक्षरांआधी डाग वाचतात. दुसरी गाय आली, तिसरी आली.

"थांबवा! मागे घ्या," डाग तपासणारा सरकारी निरीक्षक वेंडेल उठून म्हणाला.

क्रेन माझ्याकडे वळला. "अगं एडिथ, काहीतरी चूक होतेय."

"चूक कसली? तुमचीच ना गुरं? सुरुवातीलाच आभार मानलेत की तुमचे!"

त्याच्या शेजारची माणसं एकेक करून उठली आणि मागे जाऊन बसली. तो दाराकडे निघाला.

"बस, हॉलिस," वेंडेल म्हणाला. "तुझ्याशी बोलायचंय."

"टेस, चालू कर," मी म्हटलं. "पुढे बाबांचं मरण आहे. ते यांनी बघायलाच हवं."

त्याने बघितलं. मी पडद्याकडे पाहिलंच नाही. त्याचं तोंड डोळे भरून पाहत बसले, आणि मला फार बरं वाटलं.