वितळव्यांचा चषक

त्या घराचं खरं आडनाव आता कुणालाच आठवत नव्हतं. शहर त्यांना वितळवे म्हणायचं, आणि शाळेच्या पटावरसुद्धा तेच चढलं होतं.

गोष्ट दीडशे वर्षांपूर्वीची. शहराचा एक चांदीचा चषक होता. कधीतरी मोठा दुष्काळ पडला तेव्हा सात धंद्यांच्या सात प्रमुखांनी त्यातून एकेक घोट पाणी पिऊन शहर न सोडण्याची शपथ घेतली होती, आणि सातही धंद्यांच्या खुणा त्याच्या बुडावर कोरल्या होत्या. या घरातला एक धातूकाम करणारा कारागीर त्या चषकाचा राखणदार होता. पुढे लढाई झाली. जिंकलेली फौज नाणी पाडायला घराघरांतली चांदी उचलू लागली. शिपाई राखणदाराच्या दारात आले तेव्हा भर चौकात, सगळ्यांच्या देखत तो एकच शब्द बोलला, "वितळवला." चांदी कुठे आहे ते मार खाऊनही सांगितलं नाही. कोठडीतच प्राण गेला बिचाऱ्याचा. यथावकाश फौजही गेली. चषक वितळवून त्याने चांदी लाटली असं शहराने धरलं, आणि तो शब्द त्याच्या बायकामुलांच्या मानगुटीवर बसला तो बसलाच.

या घरात आता दोघीच उरल्या होत्या, आत्या आणि भाची. भाची पन्नाशी ओलांडलेली. बाजारामागच्या गल्लीत तिचं दुकान होतं. गळक्या किटल्या, फुटक्या झाऱ्या, दिव्यांचे दांडे, जे येईल ते ती कथलाचा डाग देऊन सांधायची, म्हणून लोक तिला डागवाली म्हणत. आत्या पंचाहत्तरीची. ती गल्ल्यावर बसून गिऱ्हाइकांना धाकात ठेवायची. दोघींनी शाळेत एकच धडा सोसला होता, फक्त वीसेक वर्षांच्या अंतराने. मास्तर चषकाची गोष्ट सांगायला लागले की सगळा वर्ग मागे वळून त्यांच्या बाकाकडे बघायचा. आत्याने तेव्हा एकाच्या पाठीत दौत घातली होती. डागवाली मात्र मान खाली घालून बसायची.

एका सकाळी नगरभवनाच्या मनोऱ्यावरचं, लटकत्या वजनांवर चालणारं घड्याळ बंद पडलं. त्याची देखभाल करणारे म्हातारे घड्याळजी स्वतः दुकानात आले.

"बाई, धाकट्या वजनाची कडी तुटली. वजन खाली वाळूत आपटलंय. नवी कडी डागून द्या, म्हणजे दुपारपर्यंत घड्याळ चालू करतो."

ती पिशवी घेऊन गेली. मनोऱ्याच्या तळाशी वजन आडवं पडलं होतं. मोठ्या तांब्याएवढं, डांबराने माखून काळंकुट्ट झालेलं. डांबरावर डाग बसत नाही म्हणून तिने कानस घेतली आणि कड घासायला सुरुवात केली. काळा थर निघाला. खाली गंज दिसेल अशी तिची अपेक्षा होती. दिसली पांढरी, मऊ, ओल्यासारखी चमक.

तिचा हात थांबला. एवढी वर्षं धातू हाताळलेल्या बाईला चांदी ओळखायला कसोटीचा दगड लागत नाही. तिने वजन हळूच उलटं केलं आणि बुडाचं डांबर नखाने खरवडलं. आधी कात्रीची खूण निघाली. मग नांगर. मग चाक. पुढची खूण काढायला तिचं नख धजेना. ती तिथेच पायरीवर बसली.

"काय हो, चक्कर आली का?" घड्याळजींनी विचारलं.

तिने बोटाने दाखवलं. म्हाताऱ्याने चष्मा पुसला, वाकून पाहिलं, पुन्हा चष्मा पुसला.

"चाळीस वर्षं मी याला चावी देतोय," ते पुटपुटले. "चाळीस वर्षं!" मग आवाज खाली आणून म्हणाले, "बाई, गुपचूप घरी न्या. तुमच्याच घरचं आहे म्हणा ना. मी दगड बांधून घड्याळ चालवीन. कुणाला पत्ता लागणार नाही."

माणूस मनाचा चांगला होता. पण डागवाली ताडकन उठली.

"घरी? घड्याळजी, हे आमच्या उंबऱ्याच्या आत एकदा गेलं ना, की लोक म्हणतील, बघा, चोरांच्याच घरातून निघालं. मी याला आता हातसुद्धा लावणार नाही. तुम्ही इथे बसा. मी सगळ्यांना बोलावून आणते."

आणि आयुष्यभर मान खाली घालून चाललेली ती बाई नगरभवनाचा जिना दोन-दोन पायऱ्या करत चढली.

संग्रहालय रस्त्याच्या दुसऱ्या टोकाला असलं, तरी त्याच्या प्रमुखांची कचेरी इथे वरच्याच मजल्यावर होती. हरवलेल्या चषकांवर त्यांनी उभी हयात घालवली होती. विष पडलं की तडकणारे, कितीही प्यालं तरी न रिते होणारे, राजांबरोबर समुद्रात बुडालेले, अशा कितीतरी चषकांच्या गोष्टी त्यांना तोंडपाठ होत्या. डागवालीचं ऐकून त्यांनी शांतपणे चहाचा कप खाली ठेवला.

"बाई, माझ्याकडे आजवर अकरा जणांनी तो चषक आणून दिलाय. त्यातला एक बुद्धिबळाच्या स्पर्धेतला होता, बुडाशी दुसरा क्रमांक असं कोरलेलं. हरवलेले चषक सापडत नसतात हो. माणसांना त्यांची गोष्ट हवी असते, इतकंच. आणि तुमच्या घराला ती जरा जास्तच हवी असणार, हे मी समजू शकतो."

एरवी ती एवढ्यावरच परत फिरली असती. पण आज तिने त्यांच्या टेबलावर दोन्ही हात टेकले.

"सर, तुम्ही गोष्टी वाचल्यात. मी धातू घासलाय. खाली चला."

ते खाली आले आणि घड्याळजींचा चेहरा बघूनच थबकले. उरलेलं डांबर त्यांनी स्वतः खरवडलं आणि खुणा मोजल्या, सातच्या सात. तासाभरात वजन नगरभवनाच्या मोठ्या दालनात टेबलावर आलं. बातमी वाऱ्यासारखी पसरली होती. दुकानं सोडून लोक आले, बायका कडेवर मुलं घेऊन आल्या, खिडक्यांतसुद्धा डोकी दिसायला लागली. आत्या काठी आपटत आली आणि थेट पहिल्या रांगेतल्या खुर्चीवर बसली. त्या खुर्चीवर आधीच कुणीतरी बसलं होतं, ते उठलं.

चषकाच्या तोंडावर तांब्याचं झाकण डागलेलं होतं आणि आत शिसं होतं हे वजनावरूनच कळत होतं.

"डाग द्यायची बत्ती लावू या," प्रमुख घाईघाईने म्हणाले. "शिसं वितळून बाहेर येईल."

"बत्ती नको!" डागवाली ओरडली. तिचा तो आवाज आत्यानेही कधी ऐकला नव्हता. "वितळलेलं शिसं चांदी खातं सर. पाच मिनिटांत चषकाची चाळण होईल. आधी झाकण कापते."

"वितळवे लोकांना वितळवण्याचं बरंच कळतं," मागून कुणीतरी बोललं. थोडा हशा पिकला. आत्या मागे वळली. हशा बंद झाला.

डागवालीने बारीक करवत घेतली आणि डागाच्या कडेकडेने चालवायला लागली. अर्धा तास गेला, पाऊण तास गेला. दालनात करवतीच्या आवाजाखेरीज काही नव्हतं. तिच्या कपाळावरून घाम ओघळत होता, पण हात एकदाही चुकला नाही. शेवटी झाकण सुटलं. तिने ते उलटं केलं. आतल्या बाजूला अणकुचीदार हत्याराने अक्षरं कोरलेली होती. तिला ती दिसत होती, पण डोळे भरल्यामुळे वाचता येईनात. तिने झाकण प्रमुखांच्या हातात दिलं.

त्यांनी मोठ्याने वाचलं, "शिसे तापवू नये. चांदी खाईल. गरम पाणी पुरे."

आणि खाली राखणदाराची निशाणी होती. जुन्या दप्तरात ती त्यांनी शंभरदा पाहिली होती.

घड्याळजी पुढे झाले. "अहो, तेव्हा घड्याळाची दुरुस्तीही तोच करायचा! तो खोटं बोलला होता. शिपायांशी खोटं बोलला. चषक वर टांगला आणि स्वतः कोठडीत गेला."

"आणि पुढे कधीतरी कुणीतरी हे उघडेल, त्याने धसमुसळेपणा करू नये, एवढीच त्याला काळजी," प्रमुख हळूच म्हणाले. मग त्यांनी डागवालीकडे पाहिलं. "मी बत्ती लावणार होतो."

गरम पाण्याच्या बादल्या आल्या. आत शिशाचे बारीक छर्रे लाखेत बसवलेले होते, त्यामुळे ऊब लागताच लाख सैल झाली आणि छर्रे खडखडत परातीत पडायला लागले. त्याखाली चिकणमातीचा लेप होता. चांदीला शिशाचा स्पर्शसुद्धा होऊ नये म्हणून त्याने तो बोटाने सारवला होता, आणि बोटाचे ठसे त्यात अजून तसेच होते. डागवालीने त्या ठशांवर आपलं बोट ठेवलं. मग लेप धुऊन टाकला, कारण तो धुण्यासाठीच होता. आतून सोनेरी मुलामा झळकला आणि दालनात असा काही जल्लोष उठला की खिडकीवरची कबुतरं भुर्रकन उडाली.

नगराध्यक्ष भाषणाला उभे राहिले, पण त्यांचं कुणी ऐकेना. संग्रहालयाच्या प्रमुखांनी मात्र हात वर केला तेव्हा शांतता झाली.

"आमच्या पुस्तकांत, संग्रहालयाच्या पाटीवर, शाळेच्या धड्यात या माणसाला आम्ही चोर म्हटलंय," ते म्हणाले. "आताचा धडा तर मी स्वतः लिहिलाय. उद्या तो फाडून नवा लिहीन. पण माफी आजच मागतो." आणि त्यांनी आत्यासमोर येऊन, एवढ्या गर्दीत, हात जोडले.

आत्याने हनुवटी काठीच्या मुठीवर घट्ट टेकवली.

"मागा, मागा. पण आधी तो चषक नीट धरा," ती म्हणाली. "काठाला धरून उचलतं का कुणी चांदी? बुडाला आधार द्या. अगं, दाखव त्यांना."

डागवालीने दाखवलं. नंतर चषक तिच्याच हातात राहिला. तो संग्रहालयापर्यंत न्यायचा होता, आणि संग्रहालय रस्त्याच्या पार दुसऱ्या टोकाला होतं.

"मागच्या गल्लीने जाऊ या का? गर्दी कमी असेल," घड्याळजींनी विचारलं.

"मागच्या गल्लीने?" आत्या म्हणाली. "आता? डोकं फिरलंय का तुमचं?"

ती रस्त्याच्या मधोमध चालायला लागली. तिच्यामागे दोन्ही हातांत चषक धरलेली, ताठ मानेची डागवाली, तिच्यामागे प्रमुख, आणि त्यांच्यामागे सगळं शहर. समोरून बस येत होती. चालकाने भोंगा वाजवला. आत्याने काठी उचलून त्याला थांबायची खूण केली, आणि बस थांबली.

"सावकाश चल गं," आत्या मागे न बघता म्हणाली. "सगळ्यांना नीट दिसू दे."

डागवालीने चाल आणखी मंद केली.