केसांवरचं दूध

"पिल्लं तेवढी काढा, बाई," साहेब म्हणाले. "बाकी झकास जमलंय."

बाईंच्या हातातला चिमटा तसाच राहिला. संग्रहालयाच्या मागच्या खोलीत प्राण्यांच्या प्रतिकृती करण्यात त्यांचा जन्म गेला होता, आणि निवृत्तीआधीचं हे शेवटचं काम. डायनोसॉरांच्या पायांत वळवळणारा, मुठीएवढा केसाळ जीव. आपल्या सगळ्या सस्तनांचा पूर्वज. शास्त्रज्ञ म्हणतात, त्या आईला स्तनाग्रं नव्हती. दूध घामासारखं पोटावर पाझरायचं आणि पिल्लं ते केसांवरून चाटायची. म्हणून बाईंनी पोटाशी चार पिल्लं चिकटवली होती, केस ओले दिसावेत म्हणून वर वार्निशचा हात फिरवला होता.

साहेबांचं म्हणणं, शाळेची पोरं येणार, त्यांना हे असलं ओलं-ओंगळ कशाला? शिवाय दुधाचा ठसा काही दगडात सापडत नाही. हे मात्र खोटं नव्हतं.

बाईंचा मुलगा दीड महिन्याचा असताना त्या इथे कामाला लागल्या. दुपार झाली की याच टेबलापाशी कपडे भिजायचे. त्यावर डगला चढवून त्या कोल्ह्याच्या शेपटीत भुसा भरायच्या. घरी पोर आत्याकडून बाटलीनं दूध प्यायचं. ज्याच्या हाती ससा तो पारधी, तशी जिच्या हाती बाटली ती आई. मुलगा आत्यालाच आई म्हणू लागला. बाईंना नुसतं 'अगं'. घरात सगळ्यांना त्याचं कौतुक. बाईही हसायच्या, आणि आतून जळायच्या.

आता तोच मुलगा त्याच्या तान्ह्याला घेऊन उद्घाटनाला येणार होता. माझ्याकडे दूध होतं, ते वाया गेलं, एवढंच बाईंना त्याला दाखवायचं होतं. तोंडानं सांगणं त्यांना जन्मात जमलं नव्हतं.

"दोन तरी ठेवू का, साहेब?"

"जाता जाता कसला हट्ट, बाई?"

प्रत्येक पिल्लू निघताना आईचे केस उपटून घेऊन आलं. उघड्या पडलेल्या पोटावर बाईंनी पुन्हा एकेक केस रोवला. कोरडा.

उद्घाटनाच्या दिवशी मुलगा आला. काचेखालची पाटी त्यानं बाळाला मोठ्यानं वाचून दाखवली. "हा प्राणी बहुधा एकटाच राहत असे." मग बराच वेळ वाकून बघत राहिला. त्याला प्राणी खरंच आवडला होता.

"अगं, काय सुरेख केलायस," तो म्हणाला. "आईला आणायला हवं होतं बघायला."

"हो ना," बाई म्हणाल्या, आणि काचेवर उमटलेले बाळाचे हात पुसू लागल्या.