झाडणाची मजुरी

इतवारीच्या धान्यबाजारात आम्ही बायका धान्य चाळायचो, फाटकी पोती शिवायचो आणि संध्याकाळी गोदाम झाडायचो. रोख पैसा कधी मिळाला नाही. झाडूखाली जे मातीमिसळ धान्य येई, ते झाडण आमचं. त्यावरच आमच्या चुली पेटत. माथाडी कायद्याखाली हमालांची नोंदणी झाली, तेव्हा युनियनच्या वामनरावांनी आमचीही नावं पुढे केली आणि गोदामाच्या मालकाच्या, सेठच्या पोटात दुखायला लागलं. त्याचं म्हणणं एकच: या कामकरणी नाहीतच, मी दया म्हणून झाडण नेऊ देतो.

कामगार अधिकाऱ्यापुढे साक्ष होती माझ्या सासूची, अंजनाबाईची. तिच्याइतकी जुनी बाई बाजारात दुसरी नव्हती. नावं लागली तर मजुरी, फंड, म्हातारपणी आधार. नाही लागली तर जन्मभर माती निवडत बसा. आदल्या संध्याकाळी सेठचा मुनीम नानाजी तिच्याजवळ येऊन उकिडवा बसला.

"अंजनाबाई, सेठनं तुमाले आईसारखं मानलं. उद्या नीट बोलजा. नाही त फाटक बंद."

सासूने मान खाली घालून पोत्याला टाका घातला. तिचं ते मान खाली घालणंच मला आवडलं नाही.

दुसऱ्या दिवशी सेठच्या वकिलाने, रामदासपेठेतला मोठा वकील तो, अगदी गोड आवाजात विचारलं, "आई, सेठनी कधी पगार दिला?"

"नाही जी."

"मग झाडण?"

"देतेत बिचारे. त्यायचं पुण्य."

माझ्या अंगाची लाही लाही झाली. वामनरावांनी कपाळाला हात लावला. अधिकारी कागद आवरायला लागले, तशी मी उठूनच उभी राहिले.

"साहेब, ही तापानं पडली होती अन् मी हिच्यापाशी घरी राहिली, तवा हेच मुनीम आमच्या घरी आले. सुनेले पाठवा म्हणे, माल उतरून राहिला. भिकारीण आली नाही, त तिले घरी बोलवाले कोणी येते का जी?"

"हिची साक्ष नाही!" वकील ओरडला. अधिकाऱ्यांनी मला खाली बसवलं, पण चौकशी संपवली नाही. उद्या पुन्हा या म्हणाले.

घरी सासूने माझ्यापुढचं ताट उचलून नेलं. "आपल्याच पोटावर पाय देला वं तू," एवढंच म्हणाली.

सकाळी गोदामाच्या फाटकात नानाजी आडवा उभा. "तुमच्या सुनेनं लय तोंड चालवलं. दोघी आता येऊ नका."

"अन् चाळणार कोण गा?" सासूने विचारलं.

"कामठीहून आणल्या दोघी."

आत सासूच्या नेहमीच्या जागी एक परकी बाई गहू चाळत होती. सासू कितीतरी वेळ तिच्याकडे बघत राहिली. मला वाटलं, आता ही मुनीमाचे पाय धरते. पण ती वळली आणि तरातरा कामगार अधिकाऱ्याच्या कचेरीकडे चालायला लागली. मी तिच्या मागोमाग पळाले.

अधिकाऱ्यांनी विचारायच्या आधीच ती बोलली. "साहेब, काल मी भ्याली अन् खोटं बोलली. आज यायनं आमाले काढलं अन् कामठीच्या दोघी लावल्या. दानच करायचं होतं, त आमी काय वाईट होतो? यायले कामाले बाई लागते, म्हणून आणल्या."

वकील ताडकन उठला. "काल खरं, की आज?"

"आज. आता भ्यायले काही उरलंच नाही जी."

सेठ मुनीमाकडे खाऊ की गिळू असा बघत होता. अधिकारी लिहीत होते. सासू अजून उभीच होती.

"हिचंबी नाव लिहा जी. गोपिका," ती म्हणाली. "काल हिनं खरं सांगतलं, अन् मी हिले उपाशी झोपवलं."