वन्सं पुलावर थांबल्या ती दुपार

मी एक हातपूल बोलतोय. तीन फळ्या, त्यांना जोडणाऱ्या बिजागऱ्या आणि खांद्यावर घेण्यासाठी दोन्ही टोकांना लावलेले दांडे, एवढाच माझा देह. पुढे सांगणार आहे त्यातलं बहुतेक माझ्या अंगावर घडलं. माझ्या जन्माची हकीकत मात्र मला घडवणाऱ्या सुताराकडून, तो बिजागऱ्यांना तेल देत असताना ऐकली. आणि वरच्या आळीत काय झालं ते दुसऱ्या दिवशी सकाळी, अंगणात मला वाळत टाकलं असताना, वहिनींच्या तोंडून ऐकलं. या दोन गोष्टी ऐकीव आहेत, हे आधीच सांगितलेलं बरं.

आमच्या शहरातलं पाणी एका जागी राहत नाही. सकाळी बेकरीसमोरून वाहणारा कालवा दुपारी शाळेच्या पाठीमागे सापडतो. कालवे जिवंत आहेत. ते रुसतात, आळस देतात. कधी त्यांना पिल्लं होतात आणि बोटभर रुंदीचे ओहोळ बोळाबोळांतून दुडुदुडु धावू लागतात. म्हणून इथल्या घरांना चारही बाजूंनी दारं असतात आणि पूल दगडाचे नसतात. पाणी जाईल तिथे पुलाने जायचं.

या पाण्याची एक सवय आहे. पुलावर माणूस उभं असेल, तर त्याच्या पायांखालची जागा ते सोडत नाही. कारण कुणालाच ठाऊक नाही. पण निघायच्या बेतात असलेलं पाणी असं अडवलं, की मागचं पाणी वरच्या गल्ल्यांत तुंबू लागतं. त्यामुळे पुलावर रेंगाळणं हा इथे सर्वांत मोठा उद्धटपणा समजला जातो. रांगतं मूल चालू लागलं, की त्याला पहिला धाक याच गोष्टीचा घालतात.

मला एका जुन्या खोडातून कापलं. कापताना एक आखूड फळी उरली. तिला मी बहीण मानतो. मला विकत घेणाऱ्यांनी तीही घरी नेली आणि अंथरुणाला खिळलेल्या आईच्या उशाशी, पाण्याच्या मडक्याखाली ठेवली. मी अंगणात राहिलो, ती आत.

मला वाहणाऱ्या दोघी नणंद-भावजय. सगळी आळी त्यांना वहिनी आणि वन्सं म्हणते, म्हणून मीही म्हणतो. वहिनींचे यजमान, म्हणजे वन्संचे भाऊ, बहुतेक काळ नावेवर; अंथरुणातली आई या भावंडांचीच. घर आणि मी, दोन्ही या दोघींच्याच खांद्यावर.

"वन्सं, जरा हळू. पूल न्यायचाय, शर्यत नाही लावलेली."

"तुझा खांदा बुटका, त्याला मी काय करू? सगळा भार माझ्याकडे येतो."

"मला बघायला तुम्हीच आला होतात ना? तेव्हा नाही दिसली उंची?"

"तेव्हा तू उंच टाचा घातल्या होत्यास, भवाने!"

असं भांडतच त्या चालत, आणि पावलं मात्र कधी चुकत नसत.

त्या दुपारी मी डोळ्यांच्या दवाखान्याशेजारच्या कालव्यावर टाकलेला होतो. वन्सं मधोमध आल्या आणि पाण्यावर काटा उभा राहिला. लाटा उलट्या फिरू लागल्या. पाणी निघणार, याची ती खूण. दवाखान्याकडची कड आधीच ओली होत चालली होती. खालच्या दालनातले रुग्ण कालच शस्त्रक्रिया झालेले, सगळ्यांच्या डोळ्यांवर पट्ट्या.

वन्संचे पाय माझ्यावर जागच्या जागी थांबले.

"वहिनी, आत जा. बाहेर काढ सगळ्यांना. मी उभी आहे."

वहिनी धावल्या. थोड्या वेळाने एकमेकांच्या खांद्यावर हात ठेवलेली, चाचपडत चालणारी माणसांची रांग मागच्या दाराने उंचवट्याकडे निघाली. इकडे काठावर गर्दी जमली.

"अहो बाई, चालत्या व्हा! लाज वाटत नाही का?"

"पुलावर काय ठाण मांडलंय? वर लोकांची घरं बुडतील!"

तेवढ्यात वरच्या आळीतले गिरणीवाले काका, अंगभर पीठ घेऊन, धापा टाकत आले.

"अगं पोरी, उतर! तुमच्याच दाराशी पाणी चढलंय. आई एकटी आहे ना घरात?"

वन्संचं एक पाऊल उचललं गेलं. ते हवेत किती वेळ राहिलं, मला सांगता येणार नाही. मग ते पुन्हा माझ्यावरच, पहिल्यापेक्षा जोरात टेकलं.

"काका, आत किती जण राहिलेत?"

"मला काय ठाऊक?"

"मग आत जा आणि बघा. वहिनीला घरी पाठवा. म्हणावं, आईला उचल आणि माळ्यावर ने."

काका एरवी हुज्जत घालणारे. त्या दिवशी मुकाट्याने आत गेले. वहिनी बाहेर आल्या, एकदा वन्संकडे पाहिलं आणि वरच्या आळीकडे पळत सुटल्या. पाण्याचा दाब वाढत होता. माझी मधली फळी करकरली, तडकली, पण तुटली नाही. अखेर दवाखान्याच्या गच्चीवरून काकांची हाक आली, "झाले सगळे! उतर आता!"

त्या उतरल्या आणि कालवा एका झेपेत दालनात शिरला. रिकाम्या खाटा पाण्यावर डुलू लागल्या.

आता वहिनींकडून ऐकलेला भाग. त्या घरी पोचल्या, तेव्हा उंबऱ्याशी पाणी काचेसारखं स्थिर होतं. आत थेंबही नव्हता. आई अंथरुणातच होत्या. मडकं मात्र खाली जमिनीवर ठेवलेलं, आणि मडक्याखालची फळी उंबरा व पायरी यांवर टेकवून आडवी टाकलेली. आईंचे तळपाय ओले होते.

"आई, तुम्ही उठलात?"

"मी कुठली उठते? वेड लागलंय का तुला? पाय पूस माझे, गार पडलेत."

वन्संनीही पुढे पुष्कळदा विचारलं. आई दर वेळी विषय बदलतात.

आता मी ओझं पेलत नाही. तडकलेल्या फळीमुळे मला अंगणातलं बाकडं केलं आहे. संध्याकाळी दोघी माझ्यावर बसून नव्या पुलाच्या वजनावरून भांडतात. तुम्हाला एवढंच विनवतो: पुलावर कुणी थांबलेलं दिसलं, तर ओरडण्यापूर्वी तिने कुणासाठी पाय रोवलेत, ते विचारा.

जन्माची हकीकत मी दुसऱ्या एका सुताराकडून पडताळून घेतली आहे. आई त्या फळीवर उभ्या राहिल्या होत्या की नाही, याची खात्री मात्र मला कधीच करता आली नाही. ते एकट्या माझ्या बहिणीला ठाऊक. ती पुन्हा मडक्याखाली आहे, आणि आमच्यामध्ये एक भिंत आहे.