शिवणताईचा होकार

टोपीवाल्या बाईंचा फोन आला तेव्हा ठमीचं नाक चिमटीत धरून मी तिला औषध पाजत होते. अर्धं तिच्या पोटात, अर्धं माझ्या बाहीवर.

"पुस्तक छपाईला चाललंय," बाई त्यांच्या भाषेत म्हणाल्या. ती भाषा मी कॉलेजात शिकले. आमच्याकडे ती भाषा येणारी मी एकटीच, म्हणून गेल्या वर्षी त्या या लढाईच्या भागात अभ्यासाला आल्या तेव्हा दुभाषी म्हणून मीच त्यांच्याबरोबर घरोघर फिरले होते. ठमी अंगावर पीत होती, त्यामुळे तीही कडेवर. बाई रुंद काठाची टोपी घालायच्या आणि गल्लीनं त्यांचं नाव तेच पाडलं.

"तुमच्या शिवणताईंचं प्रकरण सगळ्यात चांगलं उतरलंय. पण आमच्या विद्यापीठाची समिती म्हणते, त्यांचा होकार पुन्हा एकदा घ्या. मला आता तिकडे येऊ देणार नाहीत. तू जाशील? मजकूर पाठवलाय. नाव कुठेच नाही, काळजी करू नकोस."

काळजी करू नकोस असं कुणी म्हटलं की मी आधी काळजीच करते. ठमीला सासूबाईंच्या मांडीवर दिलं आणि उभ्या उभ्याच मोबाइलवर वाचायला लागले.

नाव खरंच नव्हतं. गावाचंही नव्हतं. कपडे शिवणाऱ्या शिवणताईच्या जागी 'एक मध्यमवयीन स्त्री' होती. पण प्रकरणाचं शीर्षकच होतं: 'पँट मी शिवली होती.'

शिवणताईचा नवरा टपाल वाटायचा. तोंडं बांधलेली माणसं घरात शिरली आणि त्याला जेवणावरून उठवून घेऊन गेली. नाक्यावरचे शिपाई म्हणाले, डोंगरातल्या बंडखोरांनी नेला. डोंगरातले म्हणाले, नाक्यावरच्यांनी. शिवणताईला मात्र माहीत होतं. त्यांतल्या एकाचं तोंड झाकलेलं असलं तरी पँट तिच्या हातची होती. लंगडणाऱ्या गिऱ्हाइकासाठी तिनंच त्या पँटचा डावा पाय आखूड शिवला होता. तो माणूस अजून नाक्यावर उभा असतो. येणाऱ्याजाणाऱ्यांच्या पिशव्या तपासतो. ठमीला बघितलं की हात हलवतो.

मग नाव काढून काय साधलं? 'पँट मी शिवली होती' असं म्हणणारी बाई आख्ख्या मुलखात एकच असणार. आणि शेवटी आभार होते. त्यात मी होते. 'कडेवर बाळ घेऊन माझ्यासोबत दारोदार फिरलेल्या तरुण आईचं ऋण कसं फेडू?' तिथेही नाव नव्हतं.

मी लगेच उलटा फोन केला. "ते पँटचं वाक्य काढा ना."

"ते काढलं तर उरतं काय? कुणी नेलं हे त्यांना कसं कळलं, याला आधारच राहत नाही. मग ती नुसती ऐकीव गोष्ट." बाई वाईट नव्हत्या. "त्या नाही म्हणाल्या तर आख्खं प्रकरण काढीन. शब्द देते. पण त्यांचं 'नाही' त्यांचंच असू दे हं. तू काही सुचवू नकोस."

"काय म्हणते टोपीवाली?" फोन ठेवल्या ठेवल्या सासूबाईंनी विचारलं.

"शिवणताईचा होकार आणायचाय."

"दिला की मागे! आता परत कसला? ती टोपी घालून उतरली ना, तेव्हाच मी म्हटलं होतं, जाताना कुणाला तरी टोपी घालूनच जाणार." स्वतःच्या विनोदावर त्या हसल्या, मग माझं तोंड बघून त्यांनी ठमीला जवळ घेतलं. "पोरीला ठेव इथे."

"नको आई. नुसती गेले तर लोकांच्या नजरेत भरेल. तिचा फ्रॉक सैल करायचाय म्हणून जाते."

"म्हणजे ढाल म्हणून नेतेस."

मी पिशवीत फ्रॉक कोंबला आणि पोरीला उचललं.

शिवणताईची खोली रस्त्याला लागूनच. खिडकीखाली मशीन, जमिनीवर दोऱ्याचे तुकडे आणि चिंध्या, भिंतीवरच्या दांडीला शिवून झालेले कपडे. त्यांच्यात दोन पुरुषाचे शर्ट होते, ते कुणी न्यायला येणार नव्हतं. इस्त्री मात्र ताजी होती.

"या, गिऱ्हाईकबाई आल्या!" तिनं गळ्यातली टेप काढून ठमीच्या पोटाभोवती गुंडाळली. "अगं बाई, एवढं पोट? आईला उपाशी ठेवून सगळं तूच खातेस की काय?"

ठमी खिदळली. मी दार लोटून घेतलं. माझं दार लोटणं शिवणताईनं पाहिलं.

"टोपीवाल्या बाईंचा फोन आला होता," मी म्हटलं.

तिची टेप तशीच राहिली. "सापडला?"

"काय?"

"काय काय विचारतेस? माझा माणूस. काही पत्ता लागला त्यांना?"

मला कळेना. "बाई कशाला पत्ता लावतील, ताई?"

"वा गं! शोध करायला आल्या होत्या ना? तूच म्हणालीस, या उंबऱ्यात उभी राहून. 'ताई, या बाई लांबून शोध करायला आल्यात.'"

म्हणाले होते. 'संशोधन' शब्द त्या खोलीत फार जड वाटला होता, एखाद्या सरकारी पाटीसारखा. म्हणून मी साधा शब्द शोधला. आणि त्यानंतर बाईंनी नियमाप्रमाणे जे सांगायला लावलं, तेही मी अक्षरशः सांगितलं होतं: याचा तुम्हाला काही फायदा होईलच असं नाही. त्यावर शिवणताई म्हणाली होती, "माहीत आहे गं. मनाची तयारी आहे माझी." बाईंनी विचारलं, काय म्हणाल्या? मी सांगितलं, समजलं म्हणतात. मला ते समजल्यासारखंच ऐकू आलं होतं. ती मात्र त्याच्या मढ्याबद्दल बोलत होती.

"ताई, तसला शोध नव्हता तो," मी खाली बसले. "अभ्यास होता. अशा भागातली माणसं कशी जगतात, काय सोसतात, याचा. त्याचं पुस्तक होतंय."

"पुस्तक करून मग शोधतील?"

"नाही."

"पुस्तक वाचून दुसरं कुणी?"

"नाही, ताई. शोधायला कुणीच निघालेलं नाही."

ती मशीनपाशी जाऊन स्टुलावर बसली. हाताला चाक लागलं, सुई एकदा खाली जाऊन वर आली. कापड नव्हतंच.

"मग छापू दे," ती म्हणाली. "उलट नाव घाल म्हणावं. त्याचंही, माझंही. फोटो देते. कुणीतरी बघेल, कुठेतरी ओळखेल. पुस्तक एवढी माणसं वाचतात ना."

"नाव नसलं तरी इथे ओळखतील. ते पँटचं आलंय त्यात. लंगड्याच्या कानावर गेलं तर तो..."

"माझं काय करायचं राहिलंय त्यानं?"

सुचवायचं नाही असं मला सांगितलेलं होतं, आणि मी सुचवलं नाही, शपथेवर सांगते. मी फक्त ठमीला जवळ ओढलं. आभारातल्या त्या ओळीबद्दल मी चकार शब्द काढला नाही. सगळं नियमानं चाललं होतं. तरी शिवणताई माझ्याकडे बघत होती, माप घेताना बघते तशी. डोळे माझ्या तोंडावर नाही, खांद्यावर, दंडावर.

"तुला 'नाही' हवंय," ती म्हणाली.

"तुमचं तुम्ही ठरवायचं, ताई. मी कोण..."

"पोरीला सोड आधी. केवढी आवळलीस, रडकुंडीला आलीय ती."

मी हात सैल केले. ठमीच्या दंडावर माझी बोटं उठली होती.

"घे," शिवणताई म्हणाली. "नाही. जा, सांग."

"ताई, त्या विचारतील, मनापासून का म्हणून."

"मग सांग, मनापासून आहे. कुणाच्या ते सांगू नकोस."

तिथूनच फोन लावला. बाई म्हणाल्या, हा त्यांचा हक्क आहे आणि मला त्याचा आदर आहे, एवढं त्यांना जरूर सांग. मी सांगितलं. शिवणताईनं "बरं" म्हटलं, दूधवाला उद्या येणार नाही म्हटल्यावर म्हणावं तसं. बाईंनी विचारलं, काय म्हणाल्या? या वेळी मी जे होतं तेच सांगितलं. बरं म्हणाल्या.

"आता काय करणार त्याचं? फाडणार?" फोन ठेवल्यावर शिवणताईनं विचारलं.

"पुसून टाकतील. माझ्या मोबाइलवरचंही मी पुसते."

"पुसायच्या आधी वाच. मी काय बोलले ते मला तरी कळू दे."

मी वाचायला लागले. तिचे शब्द माझ्या तोंडून त्या भाषेत गेले होते, आता तिथून माझ्याच तोंडून परत येत होते, आणि येताना ओळखू येईनासे झाले होते. 'सदर स्त्रीचा पती.' 'अपहरणाच्या प्रसंगी.' ती हनुवटी तळहातावर टेकून ऐकत होती, शेजारणीच्या घरातली हकीकत ऐकावी तशी. ठमी जमिनीवरच्या चिंध्या गोळा करून तिच्या मांडीवर नेऊन ठेवत होती. शिवणताई प्रत्येक वेळी "हं, दे" म्हणत होती.

"एवढंच?" मी थांबल्यावर तिनं विचारलं.

"एवढंच आहे."

"तो टपाल वाटताना शीळ घालायचा, ते नाही आलं? ती वाजली की बायका आधीच दारात यायच्या. दोनदा सांगितलं होतं मी."

"त्यांना ते... नसेल लागलं, ताई. कामापुरतं घेतात."

"हं."

मी तिच्या देखतच मजकूर पुसला. खात्री आहे का, असं मोबाइलनं विचारलं, मी हो म्हटलं. स्क्रीन तिला दाखवली. तिनं चष्मा वर करून, अगदी जवळून पाहिलं.

"म्हणजे आता कुठेच नाही ना?"

"नाही, ताई," मी पटकन म्हणाले. तिला भीती वाटत असेल, धीर द्यावा, असं वाटलं. "अगदी खात्रीनं सांगते. आता कुठेच नाही."

तिनं चष्मा खाली घेतला, आणि तिचा चेहरा बघून माझ्या लक्षात आलं की ती मजकुराबद्दल नव्हे, तिच्या माणसाबद्दल विचारत होती. पण उत्तर तर मी देऊन बसले होते.