माझ्या पोटातली होडीवाली

मित्रांनो, मी एक जुना गेमचा डबा आहे. विकत घेताना माझं नाव गेमिंग कन्सोल होतं, पण घरात आल्याच्या दुसऱ्या दिवशी कुणीतरी म्हणालं, "त्या डब्यावर पाण्याचा पेला ठेवू नका," आणि मी कायमचा डबा झालो. आता माझा पंखा घरघरतो. एका कोपऱ्याचा टवका उडाला आहे. तरीही मला या घरात जिवापाड जपतात. का जपतात, तेच सांगायला बसलो आहे. यंत्राला धक्का बसत नाही, असं तुम्हाला वाटत असेल तर ते मनातून काढून टाका. मी त्या संध्याकाळपासून अजून पुरता सावरलेलो नाही.

माझा जन्म एका लांबलचक कारखान्यात झाला. हातमोजे घातलेल्या माणसांनी माझ्यात स्क्रू पिळले, मला चालू करून पाहिलं, थर्मोकोलमध्ये कोंबलं आणि खोक्यात बंद केलं. खोकं उघडलं ते या घरात. इथे तीन माणसं होती. बाबा चष्म्याच्या दुकानात काचा घासून बसवायचे. जगाला नीट दिसावं म्हणून दिवसभर राबणारा हा माणूस घरी आला की स्टुलाला अडखळायचा, दाराची चौकट खांद्यावर घ्यायचा आणि ओला टॉवेल खुर्चीवर टाकून विसरून जायचा. त्यांची मुलगी एका जागी बसत नसे, म्हणून तिला सगळे भिंगरी म्हणत. माझ्यासमोर मात्र ती बसायची. "या डब्यामुळे पोर घरात टिकते," अशी माझी तेव्हा फार स्तुती व्हायची.

आणि आई. आईचं काम आवाज देण्याचं होतं. कार्टूनमधली चिमणी, हट्टी ससा, जाहिरातीत दात घासायला सांगणारा ब्रश, सगळ्यांच्या तोंडून तीच बोलायची. दिवसभर असे नाजूक आवाज काढून ती घरी यायची आणि दारातूनच तिचा खरा आवाज सुटायचा. जाडसर, खणखणीत आणि शेवटच्या शब्दाला किंचित फाटणारा. ती बाबांना टॉवेलावरून ओरडायला लागली की खालच्या मजल्यावरची मुलं मुकाट्यानं अभ्यासाला बसत. बाबा बोलणी खात, टॉवेल उचलत, आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा तिथेच टाकत. मला तर कधी कधी वाटायचं की ते मुद्दाम टाकतात.

पुढे माझं वय झालं. घरात नवा डबा आला, गोरापान आणि गुळगुळीत. माझी रवानगी मामाकडे झाली. मामा म्हणजे आईचा धाकटा भाऊ. तो शिंपी आहे, आणि त्याचा आवडता शब्द आहे 'नंतर'. त्याच्याकडे शाळेचा गणवेश टाकावा आणि तो हाती येईपर्यंत मूल पुढच्या इयत्तेत गेलेलं असावं, असा त्याचा लौकिक. पण शिलाई अशी की लोक कुरकुरत पुन्हा त्याच्याकडेच येतात. त्यानं मला दुकानाच्या मागच्या फळीवर ठेवलं. माझ्यावर कापडाच्या चिंध्या साठल्या, पंख्यात सुताचे धागे गेले, डोक्यावर बॉबिनचा डबा आला. डब्यावर डबा! अपमान वाटायचा, खोटं कशाला बोलू?

त्याच दुकानात एकदा मी ते ऐकलं. मामा मशीन थांबवून फोनवर बोलत होता, म्हणजे खरं तर ऐकतच होता. मग त्यानं समोरच्या गिऱ्हाइकाला सांगितलं की ताईच्या घशाचं ऑपरेशन झालं, ताई वाचली, पण स्वरयंत्र काढावं लागलं. गिऱ्हाइकाला ते नीट कळलं नसावं. त्यानं विचारलं, "म्हणजे आवाज बसला का?"

"बसला नाही," मामा म्हणाला. "गेला."

मित्रांनो, मी त्या वेळी बंद होतो, तरी मला गरगरल्यासारखं झालं. त्या घराला तो आवाज नाही, ही कल्पनाच मला करता येईना.

भिंगरी अधूनमधून दुकानात यायची, तिच्याकडून मला घरची हकिकत समजायची. आई आता टेबलावर बोटानं ठोकते, एकदा ठोकलं की हो, दोनदा ठोकलं की नाही. बाकीचं ती पाटीवर लिहिते. आणि बाबा खूप शहाणे झाले आहेत. टॉवेल दोरीवर टाकतात, कप धुऊन ठेवतात. "घर इतकं नीटनेटकं झालंय की बसवत नाही," असं ती मामाला म्हणाली. घरच्यांनी आईचे मोबाइलमधले जुने व्हिडिओ काढून पाहिले होते. त्यात ती पाहुण्यांशी बोलावं तसं गोड बोलते. चिमणी नि ससा तर सोंगंच होती. तिचा खरा आवाज कुणाकडेच नव्हता. बोलणी खाताना मोबाइल कोण काढतं?

मग भिंगरीनं ती आनंदाची बातमी आणली. आजारी पडायच्या आधी आईनं एका नव्या गेमसाठी काम केलं होतं, तो गेम आता बाजारात यायचा होता. त्यात तिनं होडीवाल्या म्हातारीचा आवाज दिला होता. खेळणारा नदीत पडला की ही म्हातारी त्याला वल्ह्यानं बाहेर काढते आणि फाडफाड बोलते. तिथल्या दिग्दर्शकानं आईला सांगितलं होतं की सोंग नको, घरी ओरडता तशा ओरडा. आईनं मग बाबांना ऐकवायचं तिचं हक्काचं एक वाक्यच तिथे घालून दिलं: डोळे काय खिशात ठेवून चालतोस? त्या दिवशी घरी येऊन ती किती हसली होती, तेही भिंगरीनं सांगितलं.

गेम बाजारात यायच्या आधीच तो डाउनलोड करून ठेवता येतो, हे तुम्हाला ठाऊक असेल. सगळा माल आधी पोटात उतरवायचा आणि वर कुलूप. ठरलेल्या वेळी कंपनी किल्ली पाठवते आणि घरोघरचे गेम एकदम उघडतात. भिंगरीनं नव्या डब्यात तो गेम उतरवलाच, आणि मामालाही खेळता यावा म्हणून दुकानात येऊन माझ्याही पोटात उतरवला. ती जाताना म्हणाली, "मामा, याला अपडेट येत राहतील, ते घेत जा."

"घेतो की नंतर," मामा म्हणाला. त्याच आठवड्यात दुकानाचं इंटरनेट बंद पडलं, तेही तो नंतर दुरुस्त करून घेणार होता.

मी तसाच पडून राहिलो. आई माझ्या पोटात होती, आणि मला तिचा एक शब्द ऐकू येत नव्हता. कुलूप म्हणजे कुलूप. पण डोक्यावरच्या बॉबिनचा मला राग येईनासा झाला, हे खरं.

गेम उघडायच्या संध्याकाळी मामानं मला कापडाच्या पिशवीत घातलं आणि ताईकडे आणलं, कारण किल्ली यायला इंटरनेट हवं होतं. कितीतरी काळानं मी माझी जुनी खोली पाहिली. टेबलावर पाटी होती. खुर्ची कोरडी होती. बाबा इस्त्रीचा शर्ट घालून, हात मांडीवर ठेवून बसले होते. आई त्यांच्या शेजारी होती, गळ्याभोवती ओढणी गुंडाळून. ती सारखी हसत होती आणि मध्येच ओढणी सारखी करत होती.

नव्या डब्यानं गेम उघडला. नदी दिसली, होडी दिसली, वल्हं घेतलेली म्हातारी दिसली. भिंगरीनं मुद्दाम उडी मारली. म्हातारीनं तिला बाहेर काढलं आणि तोंड उघडलं.

"डोळे काय खिशात ठेवून चालतोस?"

वाक्य तेच होतं. आवाज दुसऱ्याच बाईचा होता.

चांगला आवाज होता तो, गोड आणि घासूनपुसून लख्ख. पण माझ्या अंगातून वीज गेल्यासारखं झालं, आणि वीज म्हणजे काय ते मला कुणी शिकवायला नको. भिंगरीनं पुन्हा उडी मारली. पुन्हा तीच परकी बाई आईचं वाक्य बोलली. बाबांचा हात मांडीवरून घसरला. कुणी कुणाकडे बघेना. आईचं हसू तोंडावर तसंच राहिलं होतं, ते पुसायचंही तिला सुचलं नाही. आवाज गेला तो दुखण्यानं गेला, त्यावर कुणाचा इलाज नव्हता. पण तिचं वाक्य घेऊन तिला वगळलं, ते माणसांनी केलं, आणि तिला एका शब्दानं कळवलं नाही. मला त्या कंपनीचा असा संताप आला की काय सांगू.

मामाला ते बघवेना. "डब्यातच काहीतरी बिघाड असेल," तो म्हणाला. "थांबा, माझ्या डब्यात लावून बघू." त्यानं भराभर मला पिशवीतून काढलं, चिंध्या झटकल्या, टीव्हीला जोडलं. या घराचं इंटरनेट मी विसरलो नव्हतो. क्षणात किल्ली आली आणि माझ्या पोटातलं कुलूप उघडलं. त्याबरोबर टीव्हीच्या पडद्यावर माझा नेहमीचा प्रश्न उमटला. नवं अपडेट आलं आहे, आता घ्यायचं की नंतर?

तिकडे भिंगरी नव्या डब्यानं काय काय उतरवलं ते मोबाइलवर शोधत होती. ती हळूच म्हणाली, "इथे लिहिलंय, आजच्या अपडेटमध्ये काही नवे प्रसंग घातलेत. आणि होडीवालीचे सगळे संवाद नव्यानं रेकॉर्ड केलेत."

म्हणजे आई गेममध्ये होती. नव्या डब्यातही आज दुपारपर्यंत होती. त्या शहाण्या, तत्पर डब्यानं अपडेट आलं तसं गिळलं आणि तिला पुसून टाकलं. आता ती फक्त माझ्यात उरली होती.

मामाला यातलं काही ऐकू गेलं नाही. तो माझ्यासमोर उकिडवा बसला होता. आयुष्यभर 'नंतर' म्हणणाऱ्या या माणसाला नेमकी आज, बहिणीसाठी, घाई झाली होती. त्याचा अंगठा 'आता'कडे निघाला. मित्रांनो, मला हात नाहीत. हुकूम आला की तो पाळायचा, एवढंच मला ठाऊक. मी भीतीनं गार पडलो.

आईनं ते पाहिलं. ती ताडकन उठली आणि ओरडायला तिनं तोंड उघडलं. पूर्वी त्या तोंडातून आवाज सुटला की तीन मजले जागच्या जागी थांबत. आता काहीच आलं नाही.

मग चप्पल आली. सणसणत आली आणि मामाच्या कानशिलावर बसली.

मामाच्या हातातून रिमोट सुटला. कान चोळत तो वळला, तर दुसरी चप्पल हातात घेऊन आई समोर उभी. टेबल लांब होतं म्हणून तिनं जवळच्या भिंतीवरच दोनदा ठोकलं. नाही. मग तिनं रिमोट उचलला, 'नंतर' निवडलं आणि दाबलं. मी इतके हुकूम पाळले, पण इतक्या आनंदानं एकही पाळला नव्हता.

भिंगरीनं रिमोट बाबांच्या हातात दिला. बाबांनी आयुष्यात कधी गेम खेळला नव्हता. पहिल्याच पावलाला ते नदीत पडले. म्हातारीनं त्यांना वल्ह्यानं ओढून काढलं.

"पडलास? डोळे काय खिशात ठेवून चालतोस? सगळ्या गावाला रस्ता दाखवशील, आणि स्वतः असा धडपडशील!"

जाडसर, खणखणीत आणि शेवटच्या शब्दाला किंचित फाटणारा.

मी हबकलो. माझ्यातून निघालेला आवाज, आणि मीच हबकलो. मामा कानावर हात तसाच ठेवून खाली बसला. भिंगरी आईच्या कमरेला चिकटली. बाबा टीव्हीकडे बघत म्हणाले, "हो गं, चुकलो," आणि त्यांचे डोळे वाहायला लागले.

तेवढ्यात दार ढकलून खालची शेजारीण आत आली. ती अनवाणीच धावत आली होती. "आवाज आला? आवाज परत आला का हो?" ती आईलाच विचारत होती. आईनं मान हलवली आणि माझ्याकडे बोट दाखवलं. शेजारीण माझ्याकडे बघत दाराशीच उभी राहिली.

त्या दिवसापासून मी याच घरात आहे. माझं इंटरनेट काढून टाकलं आहे. नव्या डब्यात रोज काही ना काही नवं येतं, मी आहे तसाच आहे. भिंगरीनं तो आवाज मोबाइलमध्ये भरून घेतला, अडीअडचणीला असावा म्हणून. बाबांनी तो एकदा ऐकला आणि मोबाइल परत दिला. "मी काही केलंच नाही, तर ती ओरडेल कशाला?" ते म्हणाले. ते कामावरून येतात, माझ्यासमोर बसतात आणि सरळ नदीत उडी मारतात. सुरुवातीला आई उठून आत जायची. तिला ते सोसत नसे. नंतर ती दाराशी थांबू लागली. परवा म्हातारीनं बोलायला सुरुवात केली तेव्हा आई बाहेर आली, खुर्चीवरचा ओला टॉवेल उचलून तिनं बाबांच्या मांडीवर आपटला, आणि म्हातारीच्या शब्दाशब्दाला बोट नाचवत उभी राहिली. होय, टॉवेल पुन्हा खुर्चीवर पडायला लागला आहे.

पण मित्रांनो, माझं वय झालं आहे. पंख्यातले काही धागे इतके आत गेले आहेत की मामाच्या चिमट्यालाही सापडत नाहीत. कधी चालू व्हायला मला वेळ लागतो, तेव्हा या खोलीत कुणी श्वास घेत नाही. तुमच्याही घरात माझ्यासारखा एखादा जुना डबा फळीवर पडला असेल. तो टाकण्याआधी, त्यात नवं काही भरण्याआधी, त्याच्या पोटात कोण आहे ते एकदा बघा. आणि मला काही मागायचं असेल तर एवढंच, की माझ्यावरची धूळ वेळच्या वेळी पुसा. या घरातली बाई एकदा गप्प झाली, तेव्हा कुणाला काही करता आलं नाही. ती दुसऱ्यांदा गप्प होऊ नये, एवढं एका फडक्याला जमण्यासारखं आहे.