पांढरीच्या वाटेतली पाचर

मित्रांनो, मला पाहून बरेच जण विचारतात, ही अर्धवट राहिलेली भिंत कशाची? मी अर्धवट नाही. मी पाचर आहे, दगडांची. लाकूड फोडायला जशी पाचर लागते तशीच, फक्त माझी धार डोंगराकडे रोखलेली आहे आणि मला फोडायचे असते ते बर्फ. आल्वादा गावाच्या वरच्या आळीत, चर्चच्या पाठीला पाठ लावून मी साडेतीनशे हिवाळे उभी आहे. आता थकले आहे. थकलेल्याने आपली गोष्ट थोडक्यात सांगावी, म्हणून थोडक्यात सांगते.

माझ्या आधी इथे एक लाकडी चर्च होते. एका फेब्रुवारीत ग्रीश डोंगराच्या खांद्यावरून बर्फाचा आख्खा कडा सुटला. चर्च, गवताची कोठारे आणि अकरा माणसे त्याने पार नदीपर्यंत नेली. तुम्ही पुस्तकात त्याला हिमस्खलन म्हणता. आमच्या आळीत तिला नुसते 'पांढरी' म्हणतात, आणि तेही आवाज खाली करून.

त्या उन्हाळ्यात लोकांनी खाली वाहून गेलेलेच दगड पाठीवरून पुन्हा वर आणले. प्लासी नावाचा एक गवंडी होता. त्याने नवे चर्च बांधण्याआधी मला बांधायला घेतले, तेव्हा पाद्रीबाबा चिडले.

"आधी देवाचं घर बांध रे, मग कसल्या भिंती बांधायच्या त्या बांध."

प्लासीने हातातला दगड फिरवून त्याचे तोंड पाहिले आणि म्हणाला, "बाबा, देवाला राहायला जागा पुष्कळ आहे. आम्हाला इथेच राहायचंय."

अशी मी झाले. चर्चची मागची भिंत आणि मी एकाच चुन्याने जोडलेल्या आहोत, त्यामुळे आतले बोलणे मला ऐकू येते. पांढरीला अडवण्याचे बळ माझ्यात नाही. ते कोणातच नाही. मी तिचे दोन भाग करते. एक भाग डावीकडच्या कुरणातून खाली उतरतो, एक उजवीकडच्या. म्हणून ती दोन्ही कुरणे मोकळी ठेवण्याचा रिवाज पडला. तिथे गवत कापायचे, गाई चारायच्या, पण घराचा खांब रोवायचा नाही.

पुढची दोनशे वर्षे कामाची गेली. तेव्हा आमच्या गावावरून खिंडीची वाट होती. दक्षिणेकडून दारूची पिंपे यायची, उत्तरेकडून मीठ जायचे, आणि खेचरांच्या गळ्यातल्या घंटांनी उन्हाळा गाजायचा. खेचरवाले दुपारी माझ्या उन्हाच्या बाजूला पाठ टेकून भाकरी आणि चीज खायचे. हिवाळ्यात पांढरी आली की मी तिला फोडायची, आणि वसंतात आळीतले लोक येऊन माझ्या दगडांमधल्या दर्जा, म्हणजे सांध्यांच्या फटी, चुन्याने भरायचे. पुढे दुसऱ्याच डोंगरातून रेल्वेचा बोगदा निघाला. खेचरे बंद झाली. तरुण माणसे खालच्या शहरांत कामाला गेली. मग काही वर्षांनी पायांना लाकडी पट्ट्या बांधून बर्फावरून घसरायला येणारे पाहुणे आले आणि गावाला पुन्हा बरे दिवस दिसले. मात्र माझ्याकडे बघायला कोणाला वेळ राहिला नाही.

एक मेंजा तेवढी बघायची. चर्चची घंटा, मेणबत्त्या, झाडलोट असे सगळे तिच्याकडे होते. चाळिशीची, एकटी, अंगाने काटक आणि तोंडाने तिखट. दरवर्षी बर्फ वितळले की ती गुडघ्यांखाली पोते घेऊन बसायची आणि माझ्या दर्जांत उगवलेले गवत आणि रोपे मुळासकट उपटायची. मुळे दगड सरकवतात, हे तिला तिच्या वडिलांनी शिकवले होते.

त्याच काळात लुरेनने उजवीकडच्या कुरणात पाहुण्यांसाठी घर बांधायला काढले. लुरेन वाईट माणूस नव्हता. हसरा, धिप्पाड, कोणाच्याही लग्नात अ‍ॅकॉर्डियन वाजवायला पुढे. पाया खणताना मेंजा त्याच्यापुढे जाऊन उभी राहिली.

"लुरेन, ही पांढरीची वाट आहे."

"होती," लुरेन म्हणाला. "माझ्या आजोबांनी सुद्धा तिला इथून जाताना बघितलं नाही. आणि तुझी ही पाचर आहे की! तीनशे वर्षांची म्हातारी, अजून दात शाबूत. हिच्या आडोशाला मला कसली भीती?"

"आडोसा मागे असतो, बाजूला नाही."

"अगं, तुझं लग्न झालं असतं ना, तर नवरा तरी ऐकत बसला असता तुझं," असे म्हणून तो हसला. मजूरही हसले. मेंजाने पोते झटकले आणि ती निघून गेली.

मित्रांनो, खरे सांगते, त्या दिवशी मला बरे वाटले. कित्येक वर्षांत कोणी माझे नाव काढले नव्हते. लुरेन चुकतो आहे हे मला मेंजाइतकेच ठाऊक होते, तरी त्याची ती स्तुती मी उन्हासारखी अंगावर घेतली.

घर झाले. खिडक्यांत लाल फुले आली. लुरेनची बायको नेसा जवाचे सूप असे करायची की पाहुणे दुसऱ्या वर्षी त्यासाठी परत येत. सात हिवाळे काही झाले नाही.

आठव्या हिवाळ्यात चार दिवस आणि चार रात्री बर्फ पडले. आधी थंडीने कडक झालेला जुना थर आणि वर हे नवे, पिठासारखे. पाचव्या दिवशी सकाळी माझे वरचे दोनच थर उघडे होते. मेंजाने काठी खुपसून पाहिली, ग्रीशकडे पाहिले आणि ती कमरेएवढ्या बर्फातून लुरेनच्या दाराशी गेली. आवाज मला इथपर्यंत येत होता.

"सगळ्यांना घेऊन चर्चमध्ये चल. आत्ता."

"आत्ता? गाय व्यायला टेकलीय, चुलीवर जेवण आहे, पाहुणे पत्ते खेळतायत. त्यांना काय सांगू? मेंजाला स्वप्न पडलं?"

"काहीही सांग, पण चल."

"संध्याकाळी बघू," म्हणून त्याने दार लावले. बाकीच्या घरांतही तिला थोड्याफार फरकाने हेच उत्तर मिळाले. चार दिवसांच्या बर्फाने माणसे कंटाळली होती, घराबाहेर पडायला कोणी तयार नव्हते.

मेंजा परत आली. थोडा वेळ ती घंटेच्या दोराखाली नुसती उभी राहिली. मग तिने मोठी घंटा वाजवायला सुरुवात केली. सावकाश, एकेक ठोका. ती मयताची घंटा होती. आमच्याकडे पुरुष गेला तर नऊ ठोके आणि बाई गेली तर सात. ती ऐकली की हातातले काम टाकून प्रत्येकाने चर्चमध्ये यायचे, पहिली प्रार्थना सगळ्यांनी मिळून म्हणायची. मेंजाने नऊ दिले, मग सात दिले, मग पुन्हा नऊ. कोण गेले ते कोणाला कळेना. टोप्या सावरत, बर्फ तुडवत लोक आले. आळीच्या दोन्ही टोकांचे आले, लुरेन आणि नेसा पाहुण्यांना घेऊन आले. पाद्रीबाबा धापा टाकत आले.

"कोण गेलं? मेंजा, कोण गेलं?"

मेंजाने दाराची कडी लावली. "अजून कोणी नाही. बसा."

मग जो गलका झाला तो विचारू नका. लुरेन बाके ओलांडत तिच्यासमोर आला.

"मेलेल्यांची घंटा जिवंत माणसांसाठी वाजवलीस? लाज वाटत नाही?"

"मेल्यावर वाजवली असती तर तू ऐकली असतीस का?"

कोणीतरी हसले. मग हळूहळू सगळे बसले, थोडे रागाने, थोडे भीतीने. एक तास गेला. काहीच झाले नाही. पाहुणे घड्याळे बघू लागले. लुरेनचा पाय सारखा हलत होता. शेवटी तो उठला.

"ब्रुना एकटी आहे. पहिलं वेत आहे तिचं. वासरू आडवं आलं तर दोघं जातील. अर्ध्या तासात येतो."

"जाऊ दे ती गाय," नेसा म्हणाली. तिने त्याची बाही धरून ठेवली होती. "लुरेन, नको जाऊस."

त्याने तिचा हात थोपटला. काहीतरी तिच्या कानात बोलला, ते मला ऐकू आले नाही. मग दाराशी येऊन मेंजाला म्हणाला, "काढ कडी. मला काय ते नंतर बोल, मी पण बोलीन. मुकं जनावर आहे गं ते."

मेंजाने त्याच्याकडे पाहिले आणि कडी काढली.

तो गोठ्यात पोहोचला असेल तेवढ्यात वर ग्रीशच्या खांद्यावर काहीतरी फाटल्यासारखा आवाज झाला. आधी वारा आला, मग ती आली. मी तिला इतक्या वर्षांत अशी कधी पाहिली नव्हती. देवदारासारखी मोठमोठी झाडे काड्यांसारखी अंगावर घेऊन ती माझ्या धारेवर आदळली. माझा एकेक दगड दुसऱ्यात रुतला. मी फुटले नाही. तिला फोडले. डावीकडे थोडा भाग गेला. उजवीकडे जास्त गेला. मला त्यात निवड नव्हती. माझी धार प्लासीने जशी घडवली तशी आहे, आणि त्या दिवशी पांढरी जशी आली तशी आली.

मग इतकी शांतता झाली की आतल्या मेणबत्त्यांची चरचर ऐकू येत होती.

चर्चमध्ये तेवीस माणसे होती. तेवीसच्या तेवीस चालत बाहेर पडली. उजवीकडच्या कुरणात घर नव्हते. लाल फुलांच्या खिडक्या नव्हत्या. लुरेन दुसऱ्या दिवशी सापडला, गोठ्याच्या जागी, अस्तन्या कोपरांपर्यंत वर सारलेल्या.

उन्हाळ्यात माझ्या अंगावर एक पितळी पाटी बसवली. 'या पाचरीने तेवीस जीव राखले.' बँड वाजला, भाषणे झाली. नेसा आली नाही. ती आली सप्टेंबरात, एकटी. माझ्यासमोर उभी राहिली आणि दोन्ही मुठींनी मला मारू लागली.

"एवढे दगड! एवढे मोठे दगड, आणि सगळं त्याच्यावरच ढकललंस?"

मेंजा पलीकडच्या बाजूला रोपे उपटत होती. ती पुढे आली. हाताला माती तशीच.

"तिला नको बोलूस, नेसा. कडी मी काढली."

नेसाचे हात थांबले. पाटीकडे बघत ती अगदी हळू म्हणाली, "बाही मी सोडली."

मेंजाने पोत्याची घडी उलगडून लांब केली. नेसा त्याच्या दुसऱ्या टोकावर बसली आणि तिच्या समोरच्या दर्जेतले एक रोप तिने उपटले. मुळे लांब होती. तिने ती नीट सोडवून काढली.

तिथून पुढे छत्तीस वर्षे त्या दोघी बरोबर येत राहिल्या. आधी मुक्याने, मग भांडत. "चुन्यात पाणी किती घालतेस, सूप करतेयस का?" "तुझ्या सुपापेक्षा घट्टच आहे." मला त्या भांडणांची सवय झाली होती. दगडाला सुख म्हणजे काय असते हे मला विचाराल, तर मी ते दिवस सांगेन.

नंतर वर ग्रीशवर पोलादी जाळ्या बसवल्या. शहाणी माणसे यंत्रे घेऊन आली, बर्फ मोजून गेली. चांगलेच झाले. माझ्यावरचा भार कमी झाला. पण जिचे काम कमी होते तिच्याकडे बघणेही कमी होते, हे मला नव्याने कळले. मेंजा गेली त्याला नऊ वर्षे झाली. नेसा खाली नदीकाठच्या वृद्धाश्रमात राहायला गेली. माझ्या दर्जांत भूर्जाची रोपे रुजली. फटींत पाणी शिरते, हिवाळ्यात गोठते, फुगते आणि आतून ढकलते. बाहेरचा मार मी सोसला, हा आतला सोसवत नाही. दोन वर्षांपूर्वी माझे दोन दगड निसटले. गावाने तिथे पाटी लावली: 'सावधान, दगड पडतात.' आता लोक मलाच भितात. पितळी पाटीवरची अक्षरे हिरवी पडली आहेत.

गेल्या शरद ऋतूत नेसा आली. एक्याण्णव वर्षांची. बसच्या चालकाने तिला हाताला धरून वर आणले. तिने वाकून भूर्जाचे एक रोप धरले, ओढले, पुन्हा ओढले. ते हलले नाही. शेजारी एक जाडसर गृहस्थ माझा फोटो काढत होते. चकचकीत बूट, नवी टोपी.

"अहो," नेसा त्यांना म्हणाली, "फोटो राहू द्या. जरा हात लावा इथे."

ते बिचारे गोंधळले, पण आले. दोन्ही हातांनी धरून त्यांनी जो हिसका दिला, त्याबरोबर रोप, माती आणि ते स्वतः असे सगळे मिळून गवतात पडले. त्यांची बायको पोट धरून हसली. चालकही हसला.

"छान," नेसा म्हणाली. "आणखी सहा आहेत."

त्यांनी आणखी दोन काढली. मग बसचा भोंगा वाजला आणि सगळे उतरून गेले. नेसा जाताना माझ्यावर तळहात ठेवून क्षणभर थांबली. मारायला नाही, दमली होती म्हणून.

मित्रांनो, मी कोणाकडे मोठेपणा मागत नाही. पाटी घासली नाहीत तरी चालेल. तुमच्या गावातही माझ्यासारखे काहीतरी असेल: एखादा बांध, एखादी विहीर, एखादा पूल, ज्याच्या जिवावर तुम्ही निश्चिंत झोपता आणि ज्याच्याकडे पाहायचे विसरता. त्याच्याकडे वर्षातून एकदा तरी जा. आणि कधी इकडे आल्‍वादाला आलात, तर बर्फ पडायच्या आत या. चार रोपे अजून तशीच आहेत. हातमोजे घेऊन या. भूर्जाची मुळे फार चिवट असतात.